वेडी बाभूळ आणि वडीलधाऱ्यांचे पाय

नगरहून सोलापूरच्या रस्त्याला लागले, रुईछत्तिशी मागे पडली आणि मिरजगाव जवळ येऊ लागले, की रस्त्याच्या दोन्ही अंगांना एकच झाड पुन्हा पुन्हा दिसू लागते. ओढ्याच्या काठी, पडीक गायरानात, बुजलेल्या विहिरीच्या भोवती, बांधावर, अगदी स्मशानभूमीच्या कडेलाही. पाने बारीक, फांद्या वेड्यावाकड्या आणि उन्हाळ्याच्या भरातही अंगावर हिरवेपणा. कोणी तिला वेडी बाभूळ म्हणते, कोणी विलायती बाभूळ, कोणी चिलार. अहिल्यानगर जिल्ह्याच्या दक्षिण भागात जन्म काढलेल्या माणसाला तिची ओळख करून द्यावी लागत नाही. तिचा काटा ज्याच्या पायात कधी गेला नाही, असा शेतकरी त्या भागात सापडणे कठीण.

वाचकहो, या सदरात आपण आहार, झोप, औषधे, पडणे-झडणे अशा अनेक विषयांवर बोलत आलो. आज काट्यावर बोलायचे आहे. विषय क्षुल्लक वाटेल. मलाही बरीच वर्षे तसेच वाटत होते. आमच्याच घरात जे घडले, त्यानंतर ते वाटणे संपले.

पाडव्याच्या सकाळी

माझे वडील, ज्यांना आम्ही अण्णा म्हणतो, त्या वेळी चौऱ्याहत्तर वर्षांचे होते. मधुमेह सोळा वर्षांचा. गोळ्या नियमित, पथ्य जमेल तेवढे. कर्जत तालुक्यातील आमच्या गावी रोज सकाळी शेताला फेरी मारायची हा त्यांचा नेम. मी नगरला दवाखाना चालवतो. पंधरा दिवसांतून एकदा गावी जातो. गेलो की त्यांचा रक्तदाब पाहायचा, साखरेचा आकडा विचारायचा, औषधांचा डबा तपासायचा आणि निघताना पाया पडायचे, असा परिपाठ होता.

त्या वर्षी दिवाळीच्या पाडव्याला नमस्कार करण्यासाठी मी वाकलो आणि मला वास आला. वैद्यकीय व्यवसायातील माणसाला तो वास चुकत नाही. अण्णांना पाटावर बसवून पाय उचलून पाहिला. उजव्या पायाच्या तळव्याला, अंगठ्याशेजारच्या बोटाच्या मुळाशी, करडीच्या दाण्याएवढे काळे छिद्र होते. भोवतालची कातडी पांढुरकी आणि ओली. दाबल्यावर पू आला. अण्णा शांतपणे म्हणाले, "अरे, काही दुखत नाही. काटा तर रोजचाच."

आई स्वयंपाकघरातून आली, पाहिले आणि कपाळाला हात लावून म्हणाली, "आठ दिवसांपूर्वी यांच्या वहाणेत वेड्या बाभळीचा काटा दिसला होता. मीच उपटून टाकला. पायातही गेला असेल, हे ध्यानातच आले नाही."

काट्याचे टोक आत मोडले होते. संसर्ग हाडापर्यंत पोहोचला होता. पुढे तीन आठवडे रुग्णालयात गेले आणि अण्णांचे ते बोट काढावे लागले. पाय वाचला, अण्णा वाचले, याबद्दल मी कृतज्ञ आहे. पण एक गोष्ट मनातून जात नाही. त्या आठ दिवसांच्या आधीही मी वर्षानुवर्षे त्या पायांना हात लावून नमस्कार करीत आलो होतो. त्यांचे तळवे मात्र मी एकदाही पाहिले नव्हते.

आपण वडीलधाऱ्यांच्या पाया पडतो, पण त्यांचे पाय पाहत नाही. आजच्या लेखाचा सारा आशय या एका वाक्यात आहे. पुढे जे लिहितो आहे, तो त्याचाच विस्तार समजावा.

झाड परदेशी, काटा अंगणातला

या झाडाचे शास्त्रीय नाव प्रोसोपिस ज्युलिफ्लोरा. अलीकडे, २०२२ मध्ये, वनस्पतिशास्त्रज्ञांनी त्याचे नेल्टुमा ज्युलिफ्लोरा असे नवे नामकरण केले. त्याचे मूळ घर मेक्सिको, मध्य अमेरिका, कॅरिबियन बेटे आणि दक्षिण अमेरिकेचा उत्तर भाग. टेक्सास, ॲरिझोना या कोरड्या अमेरिकी प्रांतांत त्याची जवळची भावंडे 'मेस्किट' या नावाने ओळखली जातात. मद्रास इलाख्यातील वनाधिकारी लेफ्टनंट कर्नल बेडोम यांनी १८७६ मध्ये या झाडाच्या बियांची मागणी केली. जमैकाहून बिया आल्या आणि १८७७ मध्ये कडप्पा भागातील कमलापुरम येथे त्यांची लागवड झाली. उद्देश चांगला होता: उजाड जमिनीवर हिरवळ आणि गोरगरिबांना सरपण.

दोन्ही गोष्टी झाडाने दिल्या, यात शंका नाही. आपल्याकडे कितीतरी चुली त्याच्या लाकडावर पेटल्या. पण ते आवरले नाही. त्याच्या पिवळट, चपट्या शेंगा गोड असतात. शेळ्या-मेंढ्या आणि गुरे त्या आवडीने खातात. कठीण कवचाचे बी पोटातून तसेच बाहेर पडते आणि लेंडीबरोबर जिथे पडेल तिथे रुजते. पाल्याला मात्र जनावरे सहसा तोंड लावत नाहीत. तोडले तर बुंध्यातून पुन्हा चार फांद्या फुटतात. मुळे किती खोल जावीत? ॲरिझोनातील टक्सन शहराजवळच्या एका उघड्या खाणीत मेस्किटचे मूळ ५३ मीटर खोलीवर सापडल्याची नोंद आहे. दुष्काळी मुलखात हे झाड का टिकते, याचे उत्तर त्यात आहे.

देशी बाभळीहून ते वेगळे ओळखता येते. देशी बाभळीची फुले पिवळ्या गोंड्यांसारखी गोल आणि शेंग मण्यांच्या माळेसारखी. वेड्या बाभळीचा तुरा लांबट, फिकट पिवळा आणि शेंग सरळ, चपटी. काटे दोघींनाही आहेत. वेड्या बाभळीचा काटा पानाच्या बगलेतून, बहुधा जोडीने येतो. सरळ, टणक आणि टोकदार असतो. लांबी कधी कधी पाच सेंटिमीटरपर्यंत जाते. वाळलेला काटा ओल्याहून अधिक घातक, कारण तो पायात मोडतो. कुंपणासाठी तोडून टाकलेल्या फांद्या, सरपणाची मोळी, शेळीच्या वाड्याभोवतीचे काटेरी शिरे, रस्त्यावरून ओढत नेलेले झुडूप, या साऱ्यांतून वाळके काटे मातीत मिसळतात. नेहमीची पातळ रबरी चप्पल त्यांना अडवू शकत नाही.

जाता जाता एका गैरसमजाबद्दल. ॲरिझोनातील पिमा या मूळनिवासी समाजाच्या जुन्या आहारात मेस्किटच्या शेंगांच्या पिठाला मोठे स्थान होते. गेल्या शतकात त्यांचे पाणी, शेती आणि आहार बदलला, आणि त्या समाजातील मधुमेहाचे प्रमाण जगातील सर्वांत अधिक प्रमाणांपैकी एक ठरले. त्यामागे आनुवंशिकतेसह अनेक कारणे आहेत. तेवढ्यावरून आपल्या ओढ्याकाठच्या शेंगा दळून "साखरेवर औषध" म्हणून घेणे मात्र धोक्याचे आहे. या शेंगांचा अतिरेक झाला तर गुराढोरांनाही मज्जातंतूंचा विकार होतो. चालू औषधे सोडून असा प्रयोग कोणीही करू नये.

म्हातारा पाय वेगळा का?

तरुणाच्या पायात काटा गेला की तो ओरडतो, बसतो, काटा काढतो आणि दोन दिवस लंगडतो. वेदना हा शरीराने ठेवलेला राखणदार आहे. म्हाताऱ्या पायात, विशेषतः मधुमेह असलेल्या पायात, हा राखणदार झोपी गेलेला असतो. वर्षानुवर्षे वाढलेल्या साखरेमुळे पायाच्या मज्जातंतूंची संवेदना हळूहळू कमी होते. सुरुवातीला मुंग्या, जळजळ, कापसावर चालल्यासारखे वाटणे, पुढे बधिरपणा. हा बदल इतका सावकाश होतो की माणसाला आपला पाय बधिर झाला आहे हेच कळत नाही. "दुखत नाही" हे वाक्य आपण दिलासा म्हणून ऐकतो. मधुमेही पायाच्या बाबतीत ते सर्वांत मोठे धोक्याचे वाक्य आहे.

दुसरे कारण रक्तपुरवठा. वयाबरोबर, मधुमेहाबरोबर आणि तंबाखू-विडीमुळे पायाच्या रक्तवाहिन्या अरुंद होतात. जखम भरायला रक्त लागते आणि जंतूंशी लढणाऱ्या पेशीही रक्तातूनच येतात. तिसरे कारण दृष्टी आणि कंबर. मोतीबिंदू झालेल्या, कंबर न वाकणाऱ्या माणसाला स्वतःचा तळवा पाहताच येत नाही. चौथे कारण स्वभाव. "एवढ्याशा काट्यासाठी पोरांना कशाला त्रास?" ही आपल्या वडीलधाऱ्यांची वृत्ती. त्या वृत्तीमागे प्रेमच असते, पण तिच्यामुळे आठवडे वाया जातात.

ज्या ज्येष्ठांना स्मृतिभ्रंश झाला आहे, त्यांच्याबाबत आणखी दक्ष राहावे. त्यांना दुखते, पण कुठे आणि का, हे सांगता येत नाही. अचानक चालायला नकार देणे, एक पाय जपून टाकणे, रात्री विनाकारण चिडचिड करणे, अशी लक्षणे दिसली तर आधी तळवे पाहावेत.

काटा गेल्यावर पहिला तास

आधी स्वतःचे हात साबणाने धुवावेत. मग जखमेची जागा साबण आणि वाहत्या स्वच्छ पाण्याखाली चार-पाच मिनिटे धुवावी. काट्याचे टोक बाहेर दिसत असेल, तर उकळून किंवा स्पिरिटने पुसून घेतलेल्या चिमट्याने तो ज्या दिशेने आत गेला त्याच दिशेने सरळ बाहेर ओढावा. वाकडा ओढला तर मोडतो. काढल्यावर तो उजेडात धरून पाहावा: टोक शाबूत आहे की तुटलेले? शंका असेल तर काटा कागदात गुंडाळून डॉक्टरांकडे घेऊन जावा. जखमेवर स्वच्छ कोरडी पट्टी बांधावी आणि त्या पायावर भार देणे टाळावे.

रक्त पातळ ठेवणारी औषधे चालू असतील तर रक्त जरा अधिक येईल. स्वच्छ कापडाने दहा मिनिटे न उचलता दाबून धरावे. त्या भीतीने औषध आपण होऊन बंद करू नये.

आता काय करू नये, हे अधिक महत्त्वाचे. सुईने किंवा पिनेने कोरत बसू नये. टोक आणखी आत जाते आणि नवी जखम होते. रुईचा चीक, बिब्बा, चुना, तंबाखू, मशेरी, रॉकेल, माती, शेण, यांपैकी काहीही लावू नये. आणि ज्याबद्दल मला कळकळीने सांगावेसे वाटते तो म्हणजे चटका. तापलेल्या गुळाचा किंवा तेलाचा चटका दिल्याने काटा "वर येतो", अशी समजूत खेड्यांतून आजही आहे. ज्या पायाला उष्णता कळत नाही, त्या पायाला चटका देणे म्हणजे काट्याच्या बारीक जखमेवर भाजल्याची मोठी जखम ओढवून घेणे आहे. गरम पाण्यात पाय बुडवून शेकत बसणेही त्याच कारणाने टाळावे.

मधुमेह, पायाला बधिरपणा, रक्तवाहिन्यांचा विकार किंवा प्रतिकारशक्ती कमी करणारी औषधे, यांपैकी काहीही असेल, तर काटा पूर्ण निघाला असे वाटले तरी त्याच दिवशी डॉक्टरांना दाखवावे. घरात उरलेल्या प्रतिजैविकाच्या गोळ्या अंदाजाने देऊ नयेत. काटा रबरी तळ भेदून गेला असेल तर तेही सांगावे. तशा जखमेत तळाचा बारीक कण आणि त्यातील जंतूही आत गेलेले असू शकतात आणि त्यासाठी औषध वेगळे निवडावे लागते.

धनुर्वाताची लस: आजोबांची राहून गेलेली

मातीने मळलेली, खोल आणि तोंड बारीक असलेली जखम धनुर्वाताच्या जंतूंना अनुकूल असते. आपल्याकडे आजींना गरोदरपणात लशीचे डोस मिळालेले असण्याची शक्यता असते; आजोबांच्या पिढीतील अनेकांचे पूर्ण लसीकरण कधी झालेलेच नसते. धनुर्वात ज्येष्ठांना अधिक घातक ठरतो.

मळलेली जखम झाली आणि शेवटचा डोस होऊन पाच वर्षांहून अधिक काळ गेला असेल, तर पुन्हा डोस घ्यावा लागतो. पूर्वी लसीकरण झाल्याची खात्री नसेल तर एका इंजेक्शनवर काम भागत नाही. डोसांचा क्रम पूर्ण करावा लागतो आणि काही वेळा तात्काळ संरक्षण देणारे वेगळे इंजेक्शनही द्यावे लागते. सरकारी केंद्रांत आता जुन्या टीटीऐवजी टीडी लस मिळते; तिच्यात घटसर्पापासूनही संरक्षण आहे. "चोवीस तास उलटले, आता काय उपयोग?" असे म्हणून घरी बसू नये. उशीर झाला तरी जावे. घरातील प्रत्येक ज्येष्ठाच्या डोसाची तारीख औषधांच्या वहीत लिहून ठेवावी.

आत राहिलेला तुकडा

काट्याचा तुकडा आत राहिला तर तो नेहमीच्या एक्स-रेमध्ये बहुधा दिसत नाही, कारण तो लाकडाचा असतो. "एक्स-रे चांगला आला" म्हणजे आत काही नाही, असे मानू नये. सोनोग्राफीत असा तुकडा दिसण्याची शक्यता अधिक असते. हा तुकडा सांध्याजवळ किंवा स्नायुबंधाच्या आवरणात राहिला तर आठवडे-महिने सूज राहते. औषधाने जरा कमी होते, पुन्हा उसळते. ज्येष्ठांमध्ये तिला संधिवात किंवा गाठिया वात समजून उपचार चालू राहतात. म्हणून एकच सांधा सुजलेला असेल, तर "मागे कधी काटा लागला होता का?" हा प्रश्न घरच्यांनीच डॉक्टरांपुढे मांडावा. तुकडा काढला की पुष्कळदा सूज ओसरते.

याहून सावकाश वाढणारा एक आजार आहे: मदुरा पाय. काट्यासारख्या बारीक जखमेतून मातीतील बुरशी किंवा जंतू आत जातात आणि महिन्या-वर्षांनी पायावर न दुखणारी सूज येते. पुढे तिला छिद्रे पडून स्रावाबरोबर बारीक दाणे बाहेर पडतात. १८४२ मध्ये मदुराईच्या दवाखान्यातील डॉक्टर गिल यांनी या आजाराचे वर्णन केले, म्हणून ते नाव. या आजाराचा पुढचा मोठा अभ्यास आपल्या मुंबईत झाला. ग्रँट मेडिकल कॉलेजातील डॉक्टर हेन्री व्हॅनडाइक कार्टर यांनी त्यामागे बुरशी असल्याचे मांडले आणि १८७४ मध्ये त्यावर ग्रंथ प्रसिद्ध केला. 'ग्रेज ॲनाटॉमी' या जगप्रसिद्ध ग्रंथातील आकृत्या काढणारे कार्टर ते हेच. जागतिक आरोग्य संघटनेने २०१६ मध्ये हा आजार दुर्लक्षित उष्णकटिबंधीय आजारांच्या यादीत घेतला. आजार रोज दिसणारा नव्हे. पण अनवाणी शेतात राबलेल्या पायावर न दुखणारी गाठ वाढत असेल, तर ती लवकर दाखवावी. लवकर कळले तर उपचार सोपे होतात.

फांदी डोळ्याला लागली तर

सरपण तोडताना किंवा कुंपण सारताना काटेरी फांदी उसळून डोळ्याला लागते. बुबुळावरच्या अशा ओरखड्यात वनस्पतीबरोबर बुरशी जाऊ शकते आणि काही दिवसांत पांढरा डाग पडून दृष्टी जाऊ शकते. अशा वेळी डोळा चोळू नये. दूध, मध किंवा कसलाही रस डोळ्यात घालू नये. विशेषतः मोतीबिंदूच्या शस्त्रक्रियेनंतर घरात उरलेले थेंब घालू नयेत. त्यांत स्टेरॉइड असेल तर बुरशीचा संसर्ग बळावतो. डोळ्यात काही रुतलेले दिसले तर ते स्वतः काढू नये. डोळा न दाबता झाकून त्याच दिवशी नेत्रतज्ज्ञांकडे जावे.

रोजची दोन मिनिटे

आता मुख्य गोष्ट. रोज एका ठरावीक वेळी, शक्यतो संध्याकाळी हातपाय धुतल्यावर, ज्येष्ठांचे दोन्ही पाय उजेडात पाहावेत. तळवा, टाच, बोटांच्या बेचक्या आणि नखांच्या कडा. काळा ठिपका, लाली, फोड, भेग, ओलसरपणा, वास, एका पायाला दुसऱ्यापेक्षा अधिक ऊब, यांपैकी काही आढळले तर ते दुखो वा न दुखो, दखल घ्यावी. लालीच्या कडेने पेनाने रेघ ओढून ठेवावी; दुसऱ्या दिवशी लाली रेघेबाहेर गेली असेल तर वाट पाहू नये. ताप, थंडी वाजणे, पू, काळेपणा किंवा एकाएकी वाढलेली साखर, यांपैकी काहीही दिसले तर रुग्णालय गाठावे.

एकटे राहणाऱ्या ज्येष्ठांनी जमिनीवर आरसा ठेवून त्यात तळवा पाहावा. दिसत नसेल तर शेजाऱ्यांना किंवा गावातील आशाताईंना विनंती करण्यात संकोच नसावा.

पाय पुसताना बोटांच्या बेचक्या कोरड्या कराव्यात. टाचांना खोबरेल लावावे, पण बेचक्यांत लावू नये. नखे सरळ कापावीत. आंघोळीच्या पाण्याची ऊब सांभाळणाऱ्याने आपल्या कोपराने पाहावी. ज्येष्ठांच्या बधिर पायाने नव्हे. मोजे फिक्या रंगाचे असावेत, म्हणजे रक्ताचा किंवा पुवाचा डाग लगेच दिसतो.

पादत्राण घालण्यापूर्वी उलटे करून आपटावे, आत पाहावे आणि तळ न्याहाळावा. तळाला काटा दिसला तर तो उपटून टाकण्याआधी पाय पाहावा. आमच्या घरी हीच चूक झाली. शेतात जाताना तळ कठीण, आतला थर मऊ आणि पुढून बंद असलेले पादत्राण हवे. वर्षातून एकदा डॉक्टरांकडून पायाची संवेदना तपासून घ्यावी. दहा ग्रॅम दाबाचा नायलॉनचा एक धागा तळव्याला टेकवून ही तपासणी होते. ती दुखत नाही आणि तिला वेळही फार लागत नाही.

अनवाणी चालण्याच्या नवसाबद्दल दोन शब्द. नवरात्रात मोहटादेवीच्या दर्शनाला अनवाणी जाणारे ज्येष्ठ आपल्याकडे पुष्कळ आहेत, वारीत अनवाणी चालणारेही आहेत. श्रद्धेचा मान राखूनच सांगतो: ज्यांच्या पायाची संवेदना गेली आहे, त्यांनी हा नेम घेऊ नये. घेतलेला असेल तर घरातील दुसऱ्या कोणी तो आपल्याकडे घ्यावा आणि ज्येष्ठांनी पादत्राण घालून दर्शनाला जावे.

संकोच आणि सेवा

ही दोन मिनिटे कठीण जातात ती वेळेमुळे नव्हे, संकोचामुळे. सासऱ्यांना सुनेने पाय हातात घेणे अवघड वाटते. "माझे पाय धरू नकोस, मी अजून धडधाकट आहे," असे वडील मुलाला म्हणतात. त्यांच्या दृष्टीने पाय दाखवणे म्हणजे परावलंबी झाल्याची कबुली असते. ती भावना समजून घ्यावी. आज्ञा देऊ नये, भीती घालू नये. नातवंडांकडे हे काम सोपवले तर पुष्कळ घरांत ते सहज होते. आजोबांच्या तळव्यावरच्या जुन्या खुणांच्या गोष्टी निघतात आणि तपासणीही होऊन जाते. जिथे मुलगा दूर असतो तिथे आजोबा-आजींनी एकमेकांचे पाय पाहावेत. सांभाळणाऱ्या व्यक्तीने स्वतःचे पायही त्याच वेळी पाहून घ्यावेत. तिलाही काटे लागतात आणि तिच्याकडे पाहायला कोणी नसते.

अण्णा आता एकोणऐंशी वर्षांचे आहेत. शेताची फेरी सुटलेली नाही. फक्त पायात जाड तळाचा बूट असतो आणि त्याबद्दल ते रोज एकदा कुरकुर करतात. ओढ्याकाठची वेडी बाभूळ दोनदा तोडली, दोनदा फुटली. संध्याकाळी आई कंदिलासारखी बॅटरी धरून बसते आणि अण्णा पाय पुढे करतात. मी गावी असलो की ते काम माझ्याकडे येते. आधी तळवा पाहतो, बोटांच्या बेचक्या पाहतो, मग नमस्कार करतो. गेल्या खेपेला अण्णा हसून म्हणाले, "डॉक्टर झालास तेव्हा वाटले होते, माझे हृदय तपासशील. तू तर पायाशीच बसलास."

मी म्हटले, "अण्णा, तिथे बसायला मला फार उशीर झाला होता."

आज संध्याकाळी हा अंक खाली ठेवल्यावर घरातील ज्येष्ठांचे पाय एकदा उजेडात पाहा. काही सापडले नाही तर उत्तमच. उद्या पुन्हा पाहा.